गहाण ठेवलेले घराचे मूळ कागद परत मिळवताना: गोव्यातल्या कर्जदारांसाठी

गृहकर्जाचा शेवटचा हप्ता भरला की बहुतेकांना वाटतं, सुटलो. मग काही महिन्यांनी घर विकायचं ठरतं, भावाभावांत वाटणी निघते किंवा मुलीच्या शिक्षणासाठी नवं कर्ज काढायचं असतं, आणि लक्षात येतं की विक्रीखत, सनद, आजोबांच्या वेळचे पोर्तुगीज कागद अजून बँकेतच आहेत. विचारायला गेलं की उत्तरं सुरू होतात: खात्यावर थोडी रक्कम अजून दिसते, फाईल मुंबईला आहे, तुम्ही मेहुण्याच्या कर्जाला जामीन आहात, साहेब पुढच्या आठवड्यात येतील. ज्यांचा बँकेशी व्याजावरून किंवा दंडावरून आधीच खटका उडालेला असतो, त्यांची तर आणखी ओढाताण होते.

गोव्यात हे कागद बँकेत पडू देणं विशेष धोक्याचं आहे. जुन्या पोर्तुगीजकालीन दस्तांच्या बनावट प्रती करून जमिनी लाटल्याचे प्रकार इतके वाढले की २०२२ साली सरकारला त्यासाठी विशेष तपास पथक नेमावं लागलं. उद्या तुमच्या जमिनीवर कोणी खोटा दावा केला, तर हातातला मूळ दस्त हाच पहिला आधार असतो.

या सगळ्या भांडणात दोन कागद निर्णायक ठरतात. एक म्हणजे कर्ज देताना बँकेने कोणकोणते मूळ दस्त ताब्यात घेतले त्याची यादी. दुसरा म्हणजे खातं अमुक तारखेला पूर्ण बंद झालं असं बँकेने स्वतः लिहून दिलेलं पत्र. हे दोन हातात असतील तर बाकीची लढाई सोपी होते. नसतील तर कितीही बरोबर असलात तरी शाखेच्या बाकावर बसून राहावं लागतं. खाली जे सांगितलं आहे ते या दोन कागदांभोवतीच फिरतं.

आधी बघा, कर्ज दिलंय कोणी

कर्ज बँकेचं, सहकारी बँकेचं, फायनान्स कंपनीचं किंवा हाउसिंग फायनान्स कंपनीचं असेल, तर रिझर्व्ह बँकेचे नियम लागू होतात. पतसंस्थेचं असेल तर होत नाहीत. नावात ‘अर्बन’ आणि ‘को-ऑपरेटिव्ह’ असलं म्हणून ती बँक होत नाही. ‘क्रेडिट सोसायटी’ लिहिलेलं असेल तर ती गोवा सहकारी संस्था कायदा, २००१ खाली येते आणि तिच्याविरुद्धची तक्रार पणजीतल्या सहकार निबंधकांकडे किंवा तुमच्या भागातल्या सहायक निबंधकांकडे करावी लागते. संस्था एकापेक्षा जास्त राज्यांत काम करणारी बहुराज्य संस्था म्हणून नोंदलेली असेल तर केंद्रीय निबंधकांकडे. पावतीपुस्तकावरचा नोंदणी क्रमांक नीट वाचा, त्यावरून हे कळतं.

गोव्यात आणखी एक प्रकार आहे. म्हापसा अर्बन को-ऑपरेटिव्ह बँकेचा परवाना २०२० च्या एप्रिलमध्ये आणि मडगाव अर्बन को-ऑपरेटिव्ह बँकेचा २०२१ च्या जुलैमध्ये रिझर्व्ह बँकेने रद्द केला. अशा बँकेचा कारभार अवसायकाकडे, म्हणजे लिक्विडेटरकडे जातो. ठेवीदारांची चर्चा खूप झाली, पण तिथे गहाण असलेल्या दस्तांचे मालकही आहेत. बँक बंद पडली म्हणून कर्ज माफ होत नाही आणि तुमचा कागदावरचा हक्कही बुडत नाही. पैसे अवसायकाच्या कार्यालयातच भरायचे, त्यांच्याच सहीचं ‘येणे बाकी नाही’ पत्र घ्यायचं आणि दस्तांची लेखी मागणीही त्यांच्याकडेच करायची. जुन्या शाखेतल्या ओळखीच्या माणसाच्या हाती रोख देऊ नये.

खाजगी सावकाराकडे कागद अडकले असतील तर गोव्यात सावकारीला परवाना लागतो हे लक्षात ठेवा. परवाना नसलेल्या माणसाने तुमचं विक्रीखत धरून ठेवलं असेल तर पुढचं पाऊल टाकण्याआधी वकील गाठा.

काय काय दिलं होतं, ते शोधून काढा

मंजुरीच्या वेळी बँक मूळ दस्तांची यादी करते. शाखेत तिला लिस्ट ऑफ डॉक्युमेंट्स म्हणतात. गहाणाच्या नोंदपत्रातही, म्हणजे मेमोरॅन्डम ऑफ डिपॉझिटमध्येही, ती जोडलेली असते. तुमच्या घरी प्रत नसेल तर बँकेकडे लेखी मागा. बँक सरकारी मालकीची असेल आणि उत्तर देत नसेल तर १० रुपये भरून माहिती अधिकारात अर्ज करता येतो. त्याला ३० दिवसांत उत्तर द्यावं लागतं. आणखी एक मार्ग फारसा कोणाला सुचत नाही: कर्ज देण्यापूर्वी बँकेच्या वकिलाने मालकी तपासून जो अहवाल दिला, त्यात प्रत्येक दस्ताची तारीख, नोंदणी क्रमांक आणि बहुधा पानांची संख्याही लिहिलेली असते. त्याची प्रत मागा. वकिलाची फी तुमच्याच खात्यावर टाकलेली असते.

गोव्यातली फाईल इतर राज्यांतल्या फायलीपेक्षा जाड असते, म्हणून यादी वाचताना थोडा वेळ द्या. साधारणपणे तिच्यात हे निघतं: तुमचं विक्रीखत, त्याआधीच्या मालकांची साखळीतली खतं, जमीन बिगरशेती केल्याची सनद आणि तिच्यासोबतचा नकाशा, मुंडकाराच्या, म्हणजे दुसऱ्याच्या जमिनीत राहणाऱ्याच्या, घराच्या बाबतीत मामलेदारांचा आदेश आणि खरेदीचं प्रमाणपत्र, वारसाहक्काने आलेल्या मालमत्तेत इन्व्हेंटरीचा, म्हणजे वारसांतल्या वाटणीच्या न्यायालयीन प्रक्रियेचा, अंतिम आदेश किंवा वारसा दस्त, पंचायतीचा किंवा पालिकेचा बांधकाम परवाना, ऑक्युपन्सी सर्टिफिकेट. जुन्या मालमत्तेत यात पोर्तुगीज ‘एश्क्रितुरा’ म्हणजे नोटरीपुढे केलेले दस्त, जमीन नोंदणी कार्यालयातले वर्णन व नोंदीचे दाखले आणि मात्रीजचे, म्हणजे जुन्या करनोंदीचे, उतारे येतात.

जमिनीच्या नोंदीचा एक-चौदाचा उतारा किंवा शहरी भागातला फॉर्म डी पुन्हा मिळतो. घरपट्टीची पावती पुन्हा मिळते. पण पोर्तुगीज दस्ताचा मूळ कागद गेला तर तसा पुन्हा मिळत नाही, फार तर पुराभिलेख खात्यातून किंवा निबंधकांच्या कार्यालयातून प्रमाणित प्रत मिळते. म्हणून यादीत ‘जुने पोर्तुगीज कागद, १ संच’ अशी मोघम नोंद असेल तर आत्ताच बँकेला पत्र लिहून त्या संचात किती दस्त आणि किती पानं आहेत, ते लिहून मागा. ते कागद वाचता येणारा माणूस शाखेत बहुधा नसतो आणि एखादं पान गळलं तर कोणाच्या लक्षातही येत नाही.

रकमेचा वाद: आधी हिशोब मागा

वाद बहुतेक वेळा तीन गोष्टींवरून होतो: व्याजदर न कळवता वाढवला, दंडावर दंड लावला, आणि वकिलाची फी, विमा, तपासणी अशा नावाखाली रक्कम टाकली. तोंडी भांडून यातलं काही सुटत नाही. कर्जाच्या पहिल्या दिवसापासूनचं खातेपत्रक मागा आणि त्यासोबत व्याजदर कधी, किती बदलला याचा तक्ता मागा. मंजुरीपत्र शेजारी ठेवून ओळ न ओळ तपासा.

दंडाच्या बाबतीत रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ ला स्पष्ट नियम केला: हप्ता चुकला तर दंडाची रक्कम आकारता येते, पण ती व्याजदरात मिसळायची नाही आणि तिच्यावर पुन्हा व्याज लावायचं नाही. नव्या कर्जांना तो १ एप्रिल २०२४ पासून लागू झाला, जुनी कर्जं ३० जून २०२४ पर्यंत त्यात आणायची होती. त्यानंतरच्या महिन्यांत तुमच्या पत्रकात दंडावर व्याज दिसत असेल तर ती ओळ अधोरेखित करून पत्राला जोडा. तसंच बदलत्या व्याजदराचं गृहकर्ज तुम्ही व्यक्ती म्हणून घेतलं असेल तर ते मुदतीआधी फेडल्याबद्दल शुल्क घेता येत नाही.

मग प्रश्न येतो: वादातली रक्कम भरायची की अडून राहायचं? माझं मत विचाराल तर रक्कम लहान असेल आणि कागद तातडीने हवे असतील तर भरून टाका, पण सोबत पत्र द्या की ही रक्कम मी हक्क राखून, आक्षेप नोंदवून भरत आहे आणि तिच्या परताव्याची मागणी कायम आहे. पैशाचा वाद नंतरही चालवता येतो. खातं उघडं राहिलं तर त्यावर व्याज चढत राहतं, क्रेडिट अहवाल खराब होतो आणि कागद मागण्याचा तुमचा हक्कही सुरू होत नाही. रक्कम मोठी असेल तर मात्र भरण्याआधी वकिलाला दाखवा.

तडजोड करून, म्हणजे वन टाइम सेटलमेंट करून खातं मिटवत असाल तर तडजोडीच्या पत्रात चार गोष्टी लिहून घेतल्याशिवाय पैसे भरू नका: ठरलेली एकूण रक्कम, भरण्याची शेवटची तारीख, त्यानंतर काहीही येणं राहणार नाही हे वाक्य, आणि मूळ दस्त परत देण्याचं वचन. क्रेडिट अहवालात असं खातं ‘क्लोज्ड’ ऐवजी ‘सेटल्ड’ दिसतं आणि पुढचं कर्ज घेताना ते आडवं येतं, हेही आधीच जाणून घ्या.

खातं बंद झाल्याचं पत्र आणि तीस दिवसांचं घड्याळ

कर्जदाराच्या बाजूने असलेला सगळ्यात मोठा नियम हा आहे. रिझर्व्ह बँकेने १३ सप्टेंबर २०२३ ला आदेश काढला की कर्ज पूर्ण फिटल्यावर किंवा तडजोडीने मिटल्यावर ३० दिवसांच्या आत सर्व मूळ दस्त परत द्यायचे आणि नोंदवहीत (उदाहरणार्थ सरसाई, म्हणजे तारणांची केंद्रीय नोंदवही) चढवलेला बोजाही उतरवायचा. १ डिसेंबर २०२३ पासून ज्यांचे दस्त परत देणं देय होतं, त्या सगळ्यांना तो लागू आहे. उशीर बँकेच्या दोषामुळे झाला तर दर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते, आणि उशिराचं कारणही बँकेने आपणहून कळवायचं असतं.

समजा खातं ३ जूनला बंद झालं. ३ जुलैपर्यंत कागद मिळायला हवे होते. ते १३ ऑगस्टला मिळाले, तर ४ जुलै ते १२ ऑगस्ट असे ४० दिवस उशीर झाला, भरपाई २ लाख रुपये. म्हणूनच ती बंद झाल्याची तारीख लेखी हवी. नाहीतर बँक म्हणते, खात्यात ११८ रुपये शिल्लक दिसत होते, ते ऑगस्टमध्ये मिटले. अखेरचा भरणा करताना त्या तारखेपर्यंतच्या पूर्ण रकमेचं फोरक्लोजर पत्र घ्या, नेमकी तेवढीच रक्कम भरा आणि आठवड्याभरात शून्य शिल्लक दाखवणारं पत्रक व ‘येणे बाकी नाही’ पत्र घ्या.

कागद कुठे घ्यायचे याचा पर्याय कर्जदाराला आहे: ज्या शाखेत खातं होतं तिथे, किंवा जिथे कागद ठेवले आहेत त्या कार्यालयात. त्यामुळे ‘फाईल मुंबईच्या गोदामात आहे, तिथे जाऊन घ्या’ असं मडगावच्या कर्जदाराला सांगता येत नाही. ने-आण करायची ती बँकेने, तीस दिवसांच्या आत.

हा नियम व्यक्तीने घेतलेल्या कर्जांना आहे: गृहकर्ज, शिक्षणकर्ज, घर तारण ठेवून घरगुती गरजेसाठी घेतलेलं कर्ज. गेस्ट हाउस, मासेमारीचा ट्रॉलर, दुकान यासाठी घेतलेल्या धंद्याच्या कर्जाला रोजचे ५,००० मागता येत नाहीत. पण कागदच मागता येत नाहीत असं मुळीच नाही. मालमत्ता हस्तांतरण कायदा, १८८२ च्या कलम ६० प्रमाणे कर्ज फेडणाऱ्या प्रत्येक गहाणदाराला आपले दस्त परत मागण्याचा हक्क आहे, आणि तो कोर्टात चालवायला ३० वर्षांची मुदत आहे. पतसंस्थेकडून कागद मागतानाही हेच कलम पत्रात लिहा.

मागणीचं पत्र लांबलचक नको. असं पुरे:

‘माझे/आमचे कर्जखाते क्रमांक ______ दिनांक ______ रोजी पूर्ण फेड होऊन बंद झाले आहे. येणे बाकी नाही पत्राची प्रत सोबत जोडली आहे. सोबतच्या यादीतील सर्व मूळ दस्त आपल्या ______ शाखेत परत द्यावेत आणि सरसाईमधील बोजाची नोंद रद्द करून त्याची पावती द्यावी. रिझर्व्ह बँकेच्या १३ सप्टेंबर २०२३ च्या आदेशानुसार ही मुदत दिनांक ______ रोजी संपते. त्यानंतरच्या प्रत्येक दिवसासाठी ५,००० रुपये भरपाईचा हक्क मी/आम्ही राखून ठेवत आहोत. विलंबाचे काही कारण असल्यास ते लेखी कळवावे.’

धंद्याचं किंवा पतसंस्थेचं कर्ज असेल तर रिझर्व्ह बँकेचं आणि भरपाईचं वाक्य काढून तिथे कलम ६० लिहा. शाखेत देऊन दुसऱ्या प्रतीवर शिक्का, तारीख आणि सही घ्या, आणि तेच पत्र ईमेलने बँकेच्या तक्रार निवारण अधिकाऱ्यालाही पाठवा. शिक्का द्यायला नकार मिळाला तर त्याच दिवशी पोस्टातून पोचपावतीसह पाठवा. मराठीतलं पत्र चालतं. मात्र फाईल पुढे परराज्यातल्या कार्यालयात जाणार असेल तर सोबत इंग्रजी प्रत जोडलेली बरी, वेळ वाचतो.

‘दुसरं कर्ज बाकी आहे’ असं म्हणून अडवलं तर

गोव्यासारख्या ठिकाणी, जिथे शेजारी शेजाऱ्याला आणि जावई सासऱ्याला जामीन राहतो, हा वाद वारंवार होतो. तुमचं कर्ज फिटलं, पण ज्याला जामीन राहिलात त्याचं थकलं, आणि बँक म्हणते कागद देणार नाही.

असा हक्क बँकेला कधी असतो, कधी नसतो. तो गहाणपत्रात काय लिहिलंय यावर ठरतो. ‘या व अन्य सर्व कर्जांपोटी’ असं कलम तुमच्या सहीखाली असेल तर बँकेची बाजू भक्कम होते. फक्त एका कर्जापोटी दस्त ठेवले असतील तर तुमची. पण दोन्ही प्रसंगी बँकेला नुसतं ‘नाही’ म्हणून भागत नाही. रिझर्व्ह बँकेने २००३ मध्ये कर्जदात्यांसाठी आखून दिलेल्या उचित व्यवहार संहितेत म्हटलं आहे की, दुसऱ्या येण्यापोटी तारण धरून ठेवायचं असेल तर कर्जदाराला नोटीस द्यायची, त्यात बाकी येण्याचा पूर्ण तपशील द्यायचा आणि कोणत्या दस्ताच्या आधारे तारण धरलं आहे ते सांगायचं. म्हणून एका ओळीचं पत्र द्या: कोणत्या कर्जापोटी, किती रकमेपोटी आणि कोणत्या कलमाखाली माझे दस्त अडवले आहेत, ते लेखी कळवा. पुष्कळदा याच पत्रानंतर कागद बाहेर येतात, कारण लिहून द्यायला काही नसतं.

पती-पत्नी, परदेशातला सहकर्जदार, मृत कर्जदार

गोव्याच्या नागरी कायद्यात लग्नाआधी वेगळा करार केला नसेल तर पती-पत्नीची मालमत्ता सामाईक असते. म्हणूनच गहाण ठेवताना दोघांच्या सह्या घेतल्या जातात आणि कागद परत घेतानाही दोघांनी जाणं उत्तम. एक जण आखातात, बोटीवर किंवा इंग्लंडमध्ये असेल तर मुखत्यारपत्र लागतं. ते तिथल्या भारतीय दूतावासात साक्षांकित करून घ्यावं आणि भारतात पोचल्यापासून तीन महिन्यांच्या आत त्यावर मुद्रांक शुल्क भरावं. मसुदा आधी बँकेला दाखवून मान्य करून घ्या, नाहीतर एका शब्दासाठी पुन्हा कुरियर करावं लागतं.

कर्जदार वारला असेल तर वारसांना दस्त कसे द्यायचे याची पद्धत प्रत्येक बँकेने ठरवून आपल्या संकेतस्थळावर टाकली पाहिजे, असं त्याच २०२३ च्या आदेशात आहे. ती छापून घेऊन जा. इथे परराज्यातून आलेल्या अधिकाऱ्याचा गोंधळ होतो. तो त्याच्या गावच्या सवयीने तहसीलदाराचा वारस दाखला मागतो. गोव्यात २०१२ च्या उत्तराधिकार व इन्व्हेंटरी कायद्याखाली उपनिबंधक हेच विशेष नोटरी म्हणून वारसा दस्त करतात, किंवा दिवाणी न्यायालयात इन्व्हेंटरी होते. यातला जो दस्त असेल तो दाखवा. हयात असलेल्या पतीचा किंवा पत्नीचा अर्धा हिस्सा मुळातच स्वतःचा असतो, तो वारसाने येत नाही, हेही पत्रात लिहा. सगळ्या वारसांनी एकाला लेखी अधिकार देऊन कागद घ्यावेत. बँकेतून कागद आणणं म्हणजे वाटणी नव्हे, ते ज्याच्या कपाटात राहतील त्याची मालमत्ता होत नाही, एवढं घरात आधीच बोलून ठेवलं तर पुढचे वाद टळतात.

बँकेने कागद हरवले तर

‘शोधतोय’ हा शब्द दोन महिने ऐकू नका. हरवल्याचं किंवा सापडत नसल्याचं लेखी मागा. नियमाप्रमाणे प्रमाणित प्रती मिळवून देण्याला बँकेने मदत करायची आणि सगळा खर्चही तिनेच उचलायचा. त्यासाठी तिला आणखी ३० दिवस मिळतात, म्हणजे एकूण ६० दिवसांनंतर रोजची भरपाई सुरू होते.

पोलिसात हरवल्याची तक्रार बँकेने द्यावी, वर्तमानपत्रांतली जाहीर सूचना बँकेच्या खर्चाने यावी आणि तिच्यात कागद बँकेच्या ताब्यातून गहाळ झाले हे स्पष्ट असावं. कर्जदाराच्या नावाने ‘माझ्याकडून हरवले’ अशी सूचना देऊ नका. दहा वर्षांनी घर विकताना घेणाऱ्याचा वकील तीच सूचना पुढे करतो. शिवाय भविष्यात त्या कागदांमुळे काही नुकसान झालं तर बँक जबाबदार राहील, असं क्षतिपूर्तीचं हमीपत्र घ्या. हरवलेल्या दस्तांमुळे मालमत्तेची किंमत उतरते हे ग्राहक आयोगही मानतात: २०२३ मध्ये राष्ट्रीय ग्राहक आयोगाने बंगळूरुच्या एका कर्जदाराला याच कारणासाठी २५ लाख रुपये द्यायला बँकेला सांगितलं.

खातं थकलेलं असेल आणि नोटीस आली असेल तर

कोर्टात न जाता तारण ताब्यात घेण्याची मुभा बँकेला देणाऱ्या सरफेसी कायदा, २००२ च्या कलम १३(२) ची नोटीस आली की ६० दिवसांची मुदत सुरू होते. ती नोटीस घेणं टाळू नका. हिशोबावरचे आक्षेप याच काळात लेखी द्या, बँकेला १५ दिवसांत कारणांसह उत्तर द्यावं लागतं. शेतजमिनीवर हा कायदा चालत नाही, आणि मुद्दल व व्याज मिळून २० टक्क्यांपेक्षा कमी रक्कम उरली असेल तरीही चालत नाही. फेडत आणलेल्या कर्जदारांनी हा मुद्दा जरूर तपासावा.

बँकेने ताबा घेण्याचं पाऊल उचललं तर ४५ दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणात जावं लागतं. गोव्याच्या लोकांसाठी ते मुंबईत आहे, त्यामुळे वकील लवकर ठरवा. पूर्ण रक्कम भरून मालमत्ता सोडवण्याचा हक्क २०१६ च्या दुरुस्तीनंतर लिलावाची जाहीर सूचना प्रसिद्ध होईपर्यंतच आहे. लिलावाच्या दिवसापर्यंत वेळ आहे अशा समजात राहून कित्येकांची घरं गेली आहेत.

तक्रार कुठे करायची

आधी बँकेकडे, लेखी. ३० दिवसांत उत्तर आलं नाही किंवा पटलं नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे, सीएमएस डॉट आरबीआय डॉट ओआरजी डॉट इन या संकेतस्थळावर. पैसे लागत नाहीत, वकील लागत नाही. मदतीसाठी १४४४८ हा क्रमांक आहे. मुदत मर्यादित असते, म्हणून रेंगाळू नका. हाउसिंग फायनान्स कंपनी असेल तर मात्र ही दारं नाहीत, राष्ट्रीय आवास बँकेच्या ‘ग्रिड्स’ या तक्रार प्रणालीवर जावं लागतं. अनेकांची तक्रार चुकीच्या जागी जाऊन फेटाळली जाते ती इथेच.

क्रमही सांभाळा. तोच वाद कोर्टात किंवा ग्राहक आयोगात चालू असेल तर लोकपाल तो घेत नाही. त्यामुळे साध्या उशिराच्या प्रकरणात आधी लोकपाल, मग आयोग. कागद हरवले असतील आणि मोठी नुकसानभरपाई मागायची असेल तर सरळ ग्राहक आयोग बरा. उत्तर आणि दक्षिण गोव्यासाठी वेगळे जिल्हा आयोग आहेत आणि कारण घडल्यापासून दोन वर्षांत तक्रार करायची असते. वकिलाची फी परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात चौकशी करा. महिलांना उत्पन्नाची अट न लावता तिथे मोफत वकील मिळतो.

कागद हातात घेताना आणि त्यानंतर

घाईच्या वेळी, दुपारी बँक बंद होताना जाऊ नका. यादी समोर ठेवून एकेक दस्त बघा: नोंदणी क्रमांक, उपनिबंधकांचा शिक्का, शेवटच्या पानावरच्या सह्या, जोडलेला नकाशा. पोर्तुगीज दस्तांची पानं मोजा. सगळं मिळाल्याशिवाय ‘सर्व दस्त मिळाले’ यावर सही करू नका. एखादा कमी असेल तर पोचपावतीवर स्वतःच्या अक्षरात लिहा की अमुक क्रमांकाचा दस्त मिळाला नाही, आणि त्या पावतीचा फोटो काढा. कोरे सही केलेले धनादेश, विम्याची पॉलिसी आणि बँकेच्या नावे दिलेलं मुखत्यारपत्र तिथेच मागून घ्या.

मग बोजा उतरला का ते बघायचं. सरसाईच्या संकेतस्थळावर थोडं शुल्क भरून कोणालाही शोध घेता येतो. तिथे तुमच्या मालमत्तेवर अजून बँकेचं नाव असेल तर नियमाप्रमाणे काम अर्धंच झालं आहे, पत्र लिहा. गहाणखत उपनिबंधकांकडे नोंदलेलं असेल तर गहाण सोडल्याचा दस्तही नोंदवावा लागतो. त्यासाठी बँकेचा अधिकारी तिथे यायला हवा, ती तारीख कागद घेण्याआधीच ठरवून टाका. एक-चौदाच्या उताऱ्यावर ‘इतर हक्क’ रकान्यात बँकेचं किंवा सोसायटीचं नाव चढलेलं असेल तर येणे बाकी नाही पत्र जोडून मामलेदारांकडे ते काढण्याचा अर्ज करा. नव्या उताऱ्यावर नाव गेलेलं दिसेपर्यंत त्या अर्जाचा आवक क्रमांक जपून ठेवा. क्रेडिट अहवाल दीडेक महिन्याने तपासा. त्यात खातं अजून उघडं दिसलं तर क्रेडिट अहवाल देणाऱ्या कंपनीकडे तक्रार नोंदवा: ३० दिवसांत दुरुस्ती झाली नाही तर त्यापुढच्या प्रत्येक दिवसाला १०० रुपये भरपाई मिळते.